मोठेपणा कुणाचा

नाना टिवा गेल्या तेव्हा पुढची राजमाता कोण, हे आमच्या घानातल्या बोंसुआसे गावच्या शेंबड्या पोरालाही ठाऊक होतं. राजमाता म्हणजे आमच्याकडे राजाची आई नव्हे; राजघराण्यातली सगळ्यात मानाची बाई, आणि ती गादी आईकडच्या रक्तानं चालते. रक्तानं हक्क डुफीचा. पण मनातून डुफी कुणालाच नको होती. सगळ्यांना हवी होती बिरागो. आणि हे डुफीला कळत होतं, सगळं दुखणं तिथंच होतं.

मला हे सांगायचा अधिकार आहे, कारण माझा नवरा अमोआको राजमातेचा काठीवाला. गादीवरचं माणूस आमच्याकडे चारचौघांत थेट बोलत नाही. ते हळू बोलतं, आणि काठीवाला तेच मोठ्यानं, चार चांगले शब्द लावून लोकांना सांगतो. त्यामुळे त्या घरातलं बरंच काही आमच्या घरी जेवताना मला कळायचं. शिवाय डुफी आणि बिरागो या दोघींबरोबर मी लहानपणी विहिरीवर भांडलेली आहे. डुफी तर मला आजही एकटी असली की सगळं सांगते. गादीवर बसलेल्याला, बाई असो की बाप्या, आम्ही 'नाना'च म्हणतो. मी मात्र या गोष्टीत तिला डुफीच म्हणणार.

दोघी एकाच अंगणात वाढल्या. नाना टिवांच्या सख्ख्या बहिणीची मुलगी डुफी. बिरागोही त्याच घरची, त्याच कुळाच्या नावाची, पण ती नक्की कुणाची कोण, हे कुणी विचारत नसे. आमच्याकडे असं विचारायचं नसतं. कुणाचं मूळ कुठलं, हे चव्हाट्यावर आणणं हा गुन्हा आहे, आणि तो चोरीहून वाईट मानतात.

राजमातेचे केस बारीक कापून, काजळी आणि शिआच्या बियांच्या लोण्यानं काळेभोर माखून डोक्याला टोपीसारखे बसवलेले असतात. नाना टिवांचं हे काम दर पंधरवड्याला बिरागो करायची. डुफीनं एकदा कात्री मागितली तर नाना टिवा म्हणाल्या, "तू बस तिकडे चटईवर. तुझा हात जड आहे." डुफी चटईवर बसून बघत राहिली. बिरागोची बोटं नानांच्या मानेवरून फिरायची, नाना डोळे मिटायच्या, दोघी हळूहळू काहीतरी बोलायच्या, हसायच्या. "मला तेव्हा वाटायचं, उठावं आणि ती काजळीची वाटी लाथेनं उडवावी," असं डुफीनं मला कितीदा सांगितलं आहे. साठी उलटलेली बाई हे सांगताना अजून नाक फेंदारते!

पुढं डुफी कुमासी शहरात पोस्टात लागली, काऊंटरवर बसली, निवृत्त होऊन परत आली. नवरा लवकर गेला. एक मुलगी, पिनामान, तिचंही लग्न टिकलं नाही. बिरागोनं गावातच गोठवलेल्या मासळीचं दुकान टाकलं. त्या दुकानावर मुलगा डॉक्टर होऊन हॅम्बुर्गला गेला, शाळेला पंखे आले, चर्चला घंटा आली. कुणाचं बाळंतपण अडलं की बिरागोची गाडी, कुणाचा नवरा पिऊन पडला की बिरागोचा आवाज. वर ती हसायची. पोट धरून, मान मागं टाकून, सगळ्या बाजाराला ऐकू जाईल असं.

नाना टिवांच्या अंत्यविधीला गाव लाल-काळ्या कापडांनी भरून गेलं होतं. लोक रांगेनं येऊन घरच्या बायकांशी हात मिळवत होते. डुफी पहिली बसली होती, बिरागो सहावी-सातवी. डुफीच्या हाताला लोकांचे हात लागून पुढं सरकत. बिरागोपाशी आले की रांग अडायची. तिथं बायका वाकून तिच्या गळ्यात पडत, रडत. मी डुफीच्या मागंच बसले होते. ती माझ्याकडं न वळता म्हणाली, "बघ. मेलं माझं माणूस आणि सांत्वन तिचं चाललंय."

*

महिन्याभरात घरची वडील मंडळी नाव ठरवायला बसणार होती. तुम्ही म्हणाल, आता आमदार आहे, पोलीसचौकी आहे, कोर्ट आहे, मग राजमाता कशाला? आमची तरुण पोरंही हेच म्हणतात. पण मोबाईलचा मनोरा उभा करायला कंपनीचे लोक आले की मानाची दारूची बाटली घेऊन आधी त्याच अंगणात येतात. आणि घरातलं भांडण कोर्टात न्यायची लाज वाटते ती प्रत्येक बाई संध्याकाळी तिथंच येऊन बसते. राजाची गादी रिकामी झाली तर नवं नाव राजमाताच सुचवते. म्हणजे सत्ता म्हणाल तर फार नाही, पण नाही म्हणाल तर तसंही नाही.

बैठकीच्या आदल्या दिवशी डुफीच्या कानावर आलं की वडील मंडळींतला म्हातारा ब्रेंपोंग आणि आणखी दोघे बिरागोचं नाव घेणार आहेत. म्हातारा म्हणाला होता म्हणे, "काळ बदललाय. लोकांना जी हवी ती बसू दे. रक्त काय, सगळ्यांचं लालच."

डुफी तेव्हा स्वयंपाकघरात उकडलेल्या कंदांचा फुफू वळत होती आणि पिनामान मुसळ घालत होती. डुफीच्या हातातला गोळा तसाच राहिला.

"रक्त लाल काय!" ती म्हणाली. "तिची पणजी उत्तरेकडून विकत आणलेली होती. मिठाच्या गोणीवर! माझ्या आईनं सांगितलंय मला. आणि ती बसणार माझ्या मावशीच्या जागी?"

पिनामानचं मुसळ थांबलं. "आई, हळू! काय बोलतेस तू हे?"

"खरं तेच बोलते. उद्या तिथंही बोलेन. बघू मग कोण नाव घेतंय."

"तुला दंडाचा मेंढा भरायला लावतील. वर गादी पण जाईल."

"गेली तर गेली. तिलाही नाही मिळणार ना?"

हे तिचं वाक्य मला पिनामाननंच पुढं सांगितलं. स्वतःचं बुडालं तरी चालेल, पण समोरचीचं तरंगू नये, इथपर्यंत हेवा गेला की त्यापुढं माणसाला काही दिसत नाही.

दुसऱ्या दिवशी बैठक भरली. डुफी मनात वाक्य घोळवत बसली होती. सरळ नाही, आडून म्हणायचं, की 'या गादीवर बसणारीचं मूळ याच मातीतलं हवं'. तेवढं पुरे होतं. म्हाताऱ्या ब्रेंपोंगनं घसा खाकरला. आणि तो काही बोलायच्या आत बिरागो उठली.

"बाबांनो, माझं नाव कुणाच्या तोंडात असेल तर आत्ताच थुंकून टाका," ती म्हणाली. "राजमाता होऊन मी मासळी कशी विकू? आणि हे केस कापले तर माझं तोंड टिलापिया माशासारखं दिसेल. हक्क डुफीचा आहे. नाना टिवांची भाची ती. तिला बसवा."

सगळे हसले. मग टाळ्या वाजल्या. डुफीला उठून आभार मानावे लागले. घरी परत येताना ती माझ्यापाशी दातओठ खात म्हणाली, "भिकाऱ्याच्या वाडग्यात टाकतात तशी टाकली गं माझ्यापुढं गादी! आणि वर टाळ्या तिला!"

*

डुफीचे केस कापले, काळे माखले, तिला राजघराण्याचं रंगीबेरंगी केंटे वस्त्र नेसवलं, आसनावर तीनदा टेकवून उचललं. तोफा डागल्या, ढोल वाजले. तो दिवस तिचा होता. त्या दिवशी मी तिच्या चेहऱ्यावर असं हसू पाहिलं की क्षणभर वाटलं, संपलं सगळं.

पण गादीवर बसलेल्या बाईला रस्त्यात खाता येत नाही. अनवाणी चालता येत नाही. बाजारात घासाघीस करता येत नाही, मोठ्यानं हसता येत नाही, कुणाशी भांडता तर येतच नाही. डुफी छत्रीखालून सावकाश चालत जायची. लोक वाकायचे, बाजूला व्हायचे, आणि ती पुढं गेली की पुन्हा बोलायला लागायचे. बिरागोच्या दुकानापुढं बाकड्यावर सहा-सात बायका तिखटमीठ लावून तळलेली केळी कागदातून खात बसलेल्या असायच्या, मधोमध बिरागो, बोटं चाटत. छत्री जवळ आली की सगळ्या उठून उभ्या राहायच्या, तोंडातला घास तसाच धरून. छत्री वळली की मागून हसण्याचा लोट यायचा. "माझ्यावर हसतात," डुफी अमोआकोला म्हणायची. तो म्हणायचा, "नाही हो नाना, बिरागोबाईंनी काहीतरी विनोद केला असेल." हे ऐकून तिला जास्तच लागायचं.

त्यातच तिला एक सुख सापडलं. अंगणात येणाऱ्यानं चपला काढायच्या, खांद्यावरचं कापड खाली घ्यायचं आणि वाकायचं, ही रीत. डुफी बिरागोला बोलावणी धाडायला लागली. आज काय, तर बाजारातलं गटार तुंबलंय, तू त्या बायकांशी बोल. उद्या काय, तर शाळेच्या पंख्यांचा आवाज येतो. परवा काय, तर नुसतंच, "बऱ्याच दिवसांत दिसली नाहीस." दरवेळी बिरागो दुकान सोडून यायची, उंबऱ्यापाशी चपला काढायची, खांदा उघडा करायची, वाकून म्हणायची, "नाना, आलेय मी." डुफी आसनावरून तिच्या वाकलेल्या मानेकडं बघत राहायची, आणि उठ म्हणायला जरा उशीरच लावायची.

अमोआको घरी येऊन म्हणायचा, "आज परत बोलावलं. गुडघे दुखतात बिचारीचे."

"मग तू बोल ना नानांना."

"मी काठीवाला आहे बाई. काठीला स्वतःचं तोंड नसतं."

बिरागोनं कधी कटकट केली नाही. तेही डुफीला खुपायचं.

*

मग ते वेण्यांच्या दुकानातलं भांडण झालं.

बिरागोची नात अडोमा, शिक्षिकेचं शिक्षण पूर्ण करून आलेली, चुणचुणीत, जराशी तोंडाळ. तिचं लग्न ठरत होतं. मांपोंग गावच्या एका इंजिनियर मुलाकडचे लोक मागणी घालायला यायचे होते. त्यासाठी ती मानसाच्या दुकानात वेण्या घालून घ्यायला गेली. मानसानं तिच्या आधी दुसऱ्याच कुणाला तरी बसवलं. अडोमा म्हणाली, "मी सकाळपासून बसलेय. रांग म्हणजे काय, कळतं का?" शब्दानं शब्द वाढला. आणि मानसा भरल्या दुकानात म्हणाली, "कसली एवढी मिजास गं? विकत आणलेल्या बाईच्या वंशाची तू, आणि राजकन्येचा तोरा दाखवतेस होय?"

असा शब्द आमच्या गावात माझ्या हयातीत कुणी उघड उच्चारला नव्हता. अडोमाला तर तो समजलाच नाही आधी. समजला तेव्हा ती तशीच, अर्ध्या विस्कटलेल्या केसांनी, राजमातेच्या अंगणात आली आणि तक्रार घातली.

त्या शनिवारी अंगण फुलून गेलं होतं. डुफी आसनावर, शेजारी काठी धरून अमोआको. एका बाजूला मानसा, दुसऱ्या बाजूला अडोमा आणि तिच्यामागं बिरागो. त्या दिवशी बिरागो हसत नव्हती. आसनामागं पिनामान उभी होती आणि तिच्या तोंडावरचं रक्त उतरलं होतं. ते मी पाहिलं.

अडोमानं झालं ते सांगितलं. तो शब्द मात्र तिनं उच्चारला नाही, "उच्चारू नये असा शब्द" एवढंच म्हणाली.

"नाना विचारतात," अमोआकोनं मानसाला म्हटलं, "तू बोललीस का?"

"बोलले. रागाच्या भरात बोलले. पण मी माझ्या मनानं रचलं नाही. मला जिथून कळलं तिथून कळलं."

"कुठून कळलं?"

मानसानं इकडंतिकडं पाहिलं. "नका विचारू, नाना."

"नाना म्हणतात, सांग."

"तुमच्याच घरातून कळलं, नाना. पिनामानताईंच्या वेण्या मीच घालते."

अंगणात असा गलका झाला की अमोआकोला काठी आपटावी लागली. पिनामाननं तोंडावर हात धरला. डुफी ताठ बसली होती.

तेवढ्यात बिरागो पुढं आली. चपला काढलेल्याच होत्या. वाकली. "नाना, माझी तक्रार नाही. पोरगी तरणी आहे, गोंगाटात ऐकायला चुकली. मानसा 'विकत आणलेल्या बाहुलीसारखी' म्हणाली असेल. पिनामानचा यात काय संबंध? वेण्या घालताना बायका काय वाटेल ते बोलतात. मिटवून टाका."

"आजी, मी नीट ऐकलंय!" अडोमा ओरडली.

"गप्प बस."

"का गप्प बसू? सगळ्या दुकानानं ऐकलं!"

"अडोमा!" बिरागोनं तिचा दंड असा धरला की पोरीच्या डोळ्यांत पाणी आलं. मग पुन्हा आसनाकडं वळून ती नेहमीचं हसू आणायचा प्रयत्न करत म्हणाली, "मिटलं म्हणा, नाना."

ती वाट किती सोपी होती! सगळ्यांना कळत होतं की बिरागो डुफीची अब्रू वाचवतेय. बायकांच्या डोळ्यांत पाणी आलं होतं. कुणीतरी मागून म्हणालंही, "माणूस असावं तर असं." आणि ते डुफीनं ऐकलं.

त्या क्षणी तिच्या मनात काय आलं, ते तिनंच मला पुढं सांगितलं, काही न लपवता. सत्य, न्याय, लाज, यातलं काहीएक तिच्या मनात नव्हतं. मनात एवढंच होतं, की गादी हिनं दिली, आता इज्जतही हीच देणार. पुन्हा मोठी हीच. या वेळी नाही. या वेळी मी हिला मोठी होऊ देणार नाही.

"काठी बाजूला ठेव, अमोआको," ती म्हणाली. आणि आसनावरून उठून, रीत मोडून, स्वतःच्या तोंडानं लोकांशी बोलली. "पोरीनं बरोबर ऐकलं. मानसानं पिनामानकडून ऐकलं आणि पिनामाननं माझ्याकडून. बोलले मी. गादीसाठी बोलले. गुन्हा माझा आहे. मानसाला दंड करायचा तर आधी मला करा."

बिरागोनं मान वर केली आणि डुफीकडं पाहिलं. मला वाटलं होतं, तिला आश्चर्य वाटलं असेल. पण ते आश्चर्य नव्हतं. तिचा चेहरा एकदम म्हातारा झाला होता.

*

राजाच्या, म्हणजे नाना अंपेमच्या दरबारात प्रकरण गेलं. दोघातिघांनी म्हटलं, हिला गादीवरून उतरवा. म्हातारा ब्रेंपोंग म्हणाला, "गादीवरच्यानं गुन्हा केला तर काय करायचं ते मला माहीत आहे. गादीवरच्यानं आपणहून कबूल केला तर काय करायचं, हे मात्र कुणी सांगून ठेवलेलं नाही. तसं आजवर घडलेलंच नाही." बरीच घासाघीस झाली. शेवटी डुफीनं मेंढा दिला, मानसानं बाटल्या दिल्या, डुफीनं सगळ्यांसमोर बिरागोची माफी मागितली. गादी राहिली.

आणि मग गंमत झाली. गाव डुफीवर खूष झालं! पाद्रीबुवांनी प्रवचनात तिचा दाखला दिला. कुमासीच्या रेडिओवर कुणीतरी फोन करून सांगितलं की आमदार-मंत्री कबूल करत नाहीत, पण आमच्या गावच्या राजमातेनं केलं. ज्या बायका मासळीच्या दुकानापुढं बसायच्या त्या सल्ला विचारायला अंगणात यायला लागल्या. डुफी गोरीमोरी व्हायची, पण आतून फुलायची. आणि बिरागोचं बाकडं रिकामं पडलं. कुणी तिला वाईट बोललं असं नाही. उलट सगळे फार जपून बोलायचे, आणि ती आली की आवाज खाली यायचा.

एका दुपारी मी डुफीच्या अंगणात तिच्याबरोबर भुईमुगाच्या शेंगा सोलत बसले होते. दुसरं कुणी नव्हतं. बिरागो आली. चपला काढल्या नाहीत, खांदा उघडा केला नाही.

"मांपोंगहून निरोप आलाय," ती उभ्यानंच म्हणाली. "मुलाच्या आईची तब्येत बरी नाही. मागणीचं पुढं बघू म्हणतात."

"नसेल बरं तिला," डुफी म्हणाली.

"परवा ती कुमासीच्या बाजारात धडधाकट फिरत होती. मला बघून वळली." बिरागोचा आवाज चढला. "मी मिटवत होते ना? मी खोटा पाडत होते ना तो शब्द? काय गरज होती तुला? एका वेणीवालीचा शब्द होता तो, चार दिवसांत विरला असता. तू बोललीस आणि खरा झाला. राजमातेनं शिक्का मारला त्याच्यावर!"

"मी माझा गुन्हा कबूल केला."

"वा! तुझा गुन्हा तुला पुरला, डुफी. तुझी वाहवा झाली. किंमत माझ्या अडोमानं दिली."

डुफीनं शेंगदाणे खाली ठेवले. मग म्हणाली, "मी चांगुलपणानं नाही बोलले. तुझ्या हेव्यानं बोलले. तू परत मोठी होत होतीस म्हणून."

"माझा हेवा?" बिरागो हसली, पण ते तिचं हसू नव्हतं. "कशाचा गं? मासळीचा?"

"नाना टिवांचा. त्या कात्री तुझ्या हातात द्यायच्या. मला कधी अंगाला हात लावू दिला नाही."

बिरागो मटकन ओट्यावर बसली. "अगं वेडे," ती म्हणाली, "ते नोकराचं काम होतं. घरच्या मुलीनं बसायचं आणि आणलेल्यांच्या मुलीनं केस कापायचे. म्हणून तू चटईवर आणि मी उभी. तुला जड हाताचं सांगितलं, मला खरं सांगितलं, ज्या दिवशी कात्री दिली त्याच दिवशी. नऊ वर्षांची होते मी. मी तुझ्या त्या चटईकडं बघत राहायचे."

मी उठून जावं की नाही, मला कळेना. मी सोललेल्या शेंगा पुन्हा चिवडत राहिले.

"त्यांचा जीव होता तुझ्यावर," डुफी हट्टानं म्हणाली.

"होता. खोटं का बोलू?"

"मग झालं तर."

"काय झालं?"

"मग हेवा बरोबरच होता माझा," डुफी म्हणाली. आणि का कोण जाणे, बिरागो खरंच हसली. लगेच डोळे पुसलेही तिनं. पण जाताना माफ केलं असं काही म्हणाली नाही, आणि डुफीनंही विचारलं नाही.

*

दोन दिवसांनी डुफीनं अमोआकोला मांपोंगला धाडलं, काठी घेऊन. राजमातेचा काठीवाला दारात उभा राहिला की आजारी बाईलाही उठून बसावं लागतं. त्यानं निरोप सांगितला: बोंसुआसेच्या राजमाता विचारतात, आमच्या घरच्या मुलीला मागणी घालायला तुम्ही कधी येता? मुलीच्या आईच्या जागी त्या स्वतः बसणार आहेत, तेव्हा दिवस आधी कळवा.

मुलाच्या आईनं चाचरत विचारलं, "मुलगी राजघराण्यातली आहे का? आम्ही वेगळंच ऐकलं."

अमोआको म्हणाला, "नाना विचारतात, तुम्ही काय ऐकलंत? सांगा, म्हणजे मला त्यांना सांगता येईल." बाई कसं सांगणार? सांगितलं की गुन्हा.

ते आले. बिरागोच्या घरी मांडव पडला. डुफी छत्रीखालून आली आणि मुलीकडच्यांच्या मधोमध बसली. राजमातेनं असं दुसऱ्याच्या अंगणात जाऊन बसायची रीत नाही, पण तिनं आता एकदा रीत मोडलेलीच होती. तिच्या उजव्या हाताला तिनं बिरागोला बसवलं, आणि बिरागो निमूट बसली. पाहुण्यांच्या वतीनं बोलणाऱ्यानं विचारलं, "या अंगणात आम्हाला एक फूल दिसलंय. कुणाचं म्हणायचं?"

अमोआको उत्तर द्यायला पुढं झाला, तर डुफी स्वतःच म्हणाली, "आमचं. माझ्या घरातलं."

बाटल्या ठेवल्या गेल्या, कापडं उलगडली गेली, अडोमाला तीनदा विचारलं आणि ती तीनदा हो म्हणाली. आमच्या म्हाताऱ्या बायका रडल्या, तरुण पोरींनी फोनवर सगळं टिपून घेतलं. मुलाची आई जाताना खूप गोड बोलली, जरा जास्तच. बिरागोच्या बाकड्यावर पुन्हा दोघीचौघी बसायला लागल्यात, पहिल्याइतक्या नाहीत. डुफीच्या अंगणात ती बोलावल्यावर येते, पण आता डुफी फारसं बोलावत नाही.

त्या दिवशी मागणीहून परतताना काय झालं, ते अमोआकोनं मला रात्री जेवताना सांगितलं. चौकापाशी आल्यावर छत्रीखालून डुफीनं त्याला हळूच विचारलं, "निघताना त्या मुलाच्या आईनं आधी कुणाचा हात हातात घेतला, पाहिलंस?"

"तुमचा, नाना."

"नीट पाहिलंस?"

"हो, नाना."

"आणि जास्त वेळ कुणाचा धरला?"

अमोआको म्हणाला, "नाना, माझ्या डोळ्यांवर ऊन होतं."